मालिका कोण लिहितं? सांगलीतल्या एका संवादलेखिकेला वारंवार विचारले जाणारे प्रश्न

मी सांगलीत गावभागात राहते आणि गेली सतरा वर्षं मराठी कौटुंबिक मालिकांचे संवाद लिहिते. हळदीकुंकू असो, कॉलेजचा कार्यक्रम असो की महालक्ष्मी एक्सप्रेसमधला समोरचा बर्थ, लोक अगदी मनापासून विचारतात आणि मी घाईत अर्धंमुर्धं सांगून मोकळी होते. रात्री मग वाटत राहतं, त्या मुलीला नीट सांगायला हवं होतं. म्हणून एकदा बसून सगळं लिहिलं आहे.

कलाकार मनानंच बोलतात ना? मग लेखक नक्की काय लिहितो?

मनानं बोलत नाहीत. आजी नुसतं "अगंबाई" म्हणाली तरी ते कागदावर असतं.

लिहिण्याची कामं तीन, आणि बऱ्याचदा ती तीन वेगळी माणसं करतात. कथा लिहिणारा पुढच्या काही महिन्यांचा प्रवास ठरवतो, त्याला आम्ही ट्रॅक म्हणतो. पटकथाकार त्या ट्रॅकचे रोजचे तुकडे पाडतो: आज कोणता सीन कुठं घडतो, कोण आत येतं, कुठं थांबायचं. आधी थोडक्यात वनलाइन जाते, ती मंजूर झाली की सविस्तर पटकथा. ती माझ्याकडे येते आणि मी माणसांना बोलतं करते. प्रत्येक टप्प्यावर निर्मिती संस्थेचे क्रिएटिव्ह, म्हणजे मालिकेचा आशय सांभाळणारी माणसं, वाचतात, वाहिनीचे लोक वाचतात, खुणा करून परत पाठवतात. सेटवर पोचलेला कागद निदान चार जणांच्या हातांतून गेलेला असतो.

सांगलीत हे सांगताना मला विष्णुदास भावे आठवतात. ५ नोव्हेंबर १८४३ रोजी त्यांनी इथं 'सीतास्वयंवर' केलं, तेव्हा पदं सूत्रधार म्हणायचा आणि पात्रं आपापली भाषणं आयत्या वेळी करायची. ज्या गावाला आपण नाट्यपंढरी म्हणतो, तिथल्या त्या पहिल्या नाटकाचे संवाद कुणी लिहिलेलेच नव्हते. पुढं इथल्याच हरिपूरच्या गोविंद बल्लाळ देवलांनी जरठ-कुमारी विवाहासारखा घराघरातला विषय घरातल्या बोलीला जवळच्या भाषेत लिहून रंगभूमीवर आणला. माझ्या कामाची वंशावळ मी देवलांपासून धरते.

एक एपिसोड लिहायला किती वेळ लागतो?

अर्ध्या तासातल्या जाहिराती वजा केल्या की साधारण २२ मिनिटं उरतात. माझ्या हाताला ती वीस-बावीस पानं होतात, सहा-सात सीन. डोक्यात माणसं स्पष्ट असतील तर चार-पाच तास. नसतील तर अख्खा दिवस जातो आणि तरी रात्री पुसावं लागतं.

खरा प्रश्न एका एपिसोडचा नसतोच. सोमवार ते शनिवार मालिका असली की महिन्याला सव्वीसेक एपिसोड होतात. दूरदर्शनच्या काळात तेरा भागांची मालिका मंजूर व्हायची, आठवड्याला एक भाग. लेखक तालमीला जायचा, परत लिहायचा. १९९९ मध्ये अल्फा मराठी ही वाहिनी आली, २००० मध्ये ई टीव्ही मराठी, आणि दैनंदिन मालिका हा मराठी घराचा नेम झाला. ई टीव्हीवरच्या 'चार दिवस सासूचे'चे तीन हजारांहून जास्त भाग झाले. तीन हजार भाग म्हणजे किती पानं, किती वेळा "जेवायला वाढू का?", याचा हिशोब प्रेक्षक कधी करत नाही. करायचं त्याला कारणही नाही. पण माझ्यासारखीला तो आकडा ऐकला की हात जोडावेसे वाटतात.

मी पहाटे साडेचारला बसते, घरातली भांडी वाजायच्या आत. साडेआठपर्यंत पहिला मसुदा होतो. दुपारी फोनवर दुरुस्त्या. संध्याकाळी दुसऱ्या दिवशीची पटकथा वाचून ठेवते, लिहीत नाही. रात्रभर ती आत मुरली की सकाळी वाक्यं येतात, हा माझा अनुभव आहे.

तयार एपिसोडांच्या साठ्याला बँक म्हणतात. बँक आठ-दहा दिवसांची असेल तर लेखक माणसासारखा जगतो. ती संपली की सकाळी लिहिलेलं दुपारी चित्रित होतं, आणि आज घरात कुणाचं लग्न असलं तरी सुटका नाही.

टीआरपीवरून कथा बदलते हे खरं का?

खरं. बार्क ही संस्था २०१५ पासून निवडक घरांत बसवलेल्या मीटरवरून कोणती मालिका किती बघितली गेली याचे आकडे काढते, आणि ते दर गुरुवारी येतात. गुरुवारी दुपारी मला फोन आला नाही तर सगळं ठीक आहे असं मी समजते. आला, तर पुढच्या आठवड्यातला लिहून झालेला साखरपुडा मोडतो. अशा वेळी चिडून उपयोग नसतो. मोडलेला साखरपुडासुद्धा त्या घरात खरा वाटला पाहिजे, तेवढं माझ्या हातात असतं, आणि तेवढ्यासाठी मी भांडते.

मुंबईत न राहता हे काम जमतं?

संवादाचं जमतं. कथा-पटकथेच्या बैठकांना माणूस समोर असलेला बरा, त्यामुळे महिन्यातून एक-दोनदा मी रात्रीच्या गाडीनं जाते आणि दुसऱ्या रात्री परत निघते. सुरुवातीला मी हातानं लिहून, स्कॅन करून पाठवायचे. मग टायपिंग आलं, आणि माझ्या फाँटचे मुंबईच्या कॉम्प्युटरवर चौकोन व्हायचे. युनिकोड आल्यापासून तो त्रास संपला. आता वाई-साताऱ्याच्या गावांत मालिकांचं चित्रीकरण होतं, तेव्हा तर सेट मुंबईपेक्षा मलाच जवळ पडतो.

पण एकदा अंतर फार जाणवलं. ऑगस्ट २०१९. आयर्विन पुलाजवळ कृष्णेची धोक्याची पातळी ४५ फूट आहे. त्या आठवड्यात पाणी ५७ फुटांच्या वर गेलं. गावभागात आमच्या दाराशी पाणी आलं तेव्हा मी लॅपटॉप आणि सासूबाईंची औषधं घेतली. चार्जर राहिला. विश्रामबागला नणंदेच्या घरी आम्ही चौदा माणसं जमलो होतो. वीज नव्हती. तीन एपिसोड द्यायचे होते आणि मुंबईत सेट उभा होता.

भाच्याची गणिताची चौकटीची वही होती, तिच्यात मी लिहायला घेतलं. दिराच्या गाडीत फोन चार्ज करायचा, गच्चीच्या जिन्यात जिथं रेंज मिळेल तिथं बसायचं आणि सहायक दिग्दर्शिकेला एकेक वाक्य सांगायचं. ती लिहून घ्यायची, परत वाचून दाखवायची, मध्येच लाइन तुटायची. तिसऱ्या सीनला माझ्या लक्षात आलं की जिन्याखाली सगळं घर गप्प बसून ऐकतंय. खाली पिठलं शिजत होतं. सीन असा होता की भांडून गेलेला मुलगा आठ दिवसांनी दारात उभा आहे, आणि आई म्हणते, "तुला माझी आठवण तरी आली का रे?" खालून सासूबाई म्हणाल्या, "असं नाही म्हणणार ती. ती आधी विचारेल, जेवलास का?"

मी फोनवर म्हटलं, आधीचं वाक्य खोड.

ज्या बाईचं स्वतःचं स्वयंपाकघर त्या वेळी पाण्याखाली होतं, तिनं ते सुचवलं. तो एपिसोड लागला तेव्हा आम्ही घरात गाळ काढत होतो, त्यामुळे पाहिला नाही.

संवाद चांगला म्हणजे कसा? एखादं उदाहरण द्याल?

देते, कारण यावर मला कितीही वेळ बोलता येईल.

पटकथेत होतं: सून नोकरी सोडणार नाही हे ठाम सांगते, सासूला ते पटत नाही, पण शेवटी ती थोडी मऊ होते. नवीन लिहिणारा साधारण असं लिहितो: "आई, तुम्ही मला कधीच समजून घेतलं नाही!" "मी या घराचा विचार करते, स्वतःचा नाही!" वाक्यं चुकीची नाहीत. पण ती कोणत्याही घरातल्या कोणत्याही बाईच्या तोंडी बसतात, म्हणजेच ती या दोघींची नाहीत. मी हे पाठवलं:

सासू: (डबा भरताना) भाकरी दोन घालू का तीन?
सून: आई, मी आजपासून कामावर जाणार आहे.
सासू: ते कळलं. भाकरी किती घालू ते विचारलं.
सून: ...दोन.
सासू: तीन घालते. यायला उशीर होतो तुला.

क्रिएटिव्हचा फोन आला की यात संघर्ष कुठं आहे. मी म्हटलं, "ते कळलं" हा संघर्ष आहे आणि तिसरी भाकरी हा त्याचा निकाल. दिग्दर्शकाला पटलं. सासूचं काम करणाऱ्या बाईंनी "ते कळलं" म्हणताना वर बघितलंच नाही, डब्याची कडी लावत राहिल्या. ती कडी मी लिहिली नव्हती. लेखकाचं जिथं संपतं, तिथून नटाचं पुढं चालू होतं, ते असं.

आपल्या घरांमध्ये मोठी गोष्ट कुणी मोठ्यानं बोलत नाही. बोलणं भाकरीवरून असतं, पाण्याच्या मोटरीवरून असतं, "गॅस बारीक कर" असं असतं, आणि राग, माया सगळं त्याच्या पोटात असतं. ते पकडता आलं की अर्धं काम झालं.

तुम्ही लोकांच्या घरातलं ऐकून लिहिता का?

ऐकते. मंडईत, एसटीत, दवाखान्याबाहेरच्या बाकावर. एकदा तासगावच्या एसटीत माझ्या मागं दोघी बसल्या होत्या. एकीनं विचारलं, "जावेशी अजून भांडान हाय व्हय?" दुसरी म्हणाली, "भांडान कुठलं, आमच्यात बोलनंच न्हाई." मी तिकिटाच्या मागं ते लिहून घेतलं. दोन वर्षांनी एका सीनला ते वापरलं आणि त्या दिवशी मला जितके फोन आले तितके आजवर आले नाहीत.

पण दोन नियम मी पाळते. कुणी विश्वासानं सांगितलेलं दुःख वापरत नाही, आणि वाक्य घेतलं तरी ज्या घरातून घेतलं ते घर ओळखू येऊ देत नाही. आमच्या नात्यातल्या एका मुलीचं लग्न मोडलं, त्या वर्षी मी ज्या मालिकेवर होते तिच्यात घटस्फोटाचा ट्रॅक होता. तिचं एक अक्षर मी त्यात येऊ दिलं नाही. ती मुलगी ती मालिका रोज बघत होती. नंतर एकदा येऊन माझा हात धरून गेली.

गावाकडची भाषा लिहिताना काय सांभाळता?

ती गंमत म्हणून वापरायची नाही, हे पहिलं. नोकर, मूर्ख दीर आणि भांडखोर आत्या एवढीच माणसं बोलीत बोलतात आणि शहाणी माणसं प्रमाण भाषेत, ही वाटणी मला सहन होत नाही. माझे सासरे बोलीतच बोलायचे आणि हिशोबात त्यांना कुणी फसवू शकलं नाही.

दुसरं म्हणजे बोली दर वीस-पंचवीस कोसांवर वळते. माझं माहेर साताऱ्याकडे कोरेगावचं. तिथं "काय करतूयास?" म्हणतात. लग्न होऊन इथं आले तर "काय करायलाईस?" नुसतं सगळीकडे "लई" आणि "व्हय" पेरलं की सांगली होत नाही.

आणि एक गोष्ट मुंबईत समजावताना माझी दमछाक होते. सांगली-कोल्हापूरकडे बायका "मी आलो", "मी गेलो" म्हणतात. मी एका आत्याचं पात्र तसं लिहिलं. सेटवर सगळ्यांना ती टायपिंगची चूक वाटली आणि तीन एपिसोड "मी आले" असं सुधारून गेले. चौथ्या एपिसोडच्या वर मी लिहिलं: आत्या 'आलो' म्हणते, ती चूक नाही, ती आमच्याकडची बाई आहे. त्यानंतर त्या अभिनेत्रीनं मला फोन करून तासभर फक्त क्रियापदं विचारून घेतली. त्या पात्रावर इकडच्या बायकांनी जीव लावला, कारण टीव्हीवर कुणीतरी पहिल्यांदा त्यांच्यासारखं "आलो" म्हणालं होतं.

सासू-सुनांची भांडणंच का दाखवता? वाईट वाटत नाही का?

काही वेळा वाटतं. कथा माझी नसते, पण शब्द माझे असतात, त्यामुळे जबाबदारी झटकून टाकता येत नाही.

भांडण दाखवण्यात मला चूक वाटत नाही, घरात भांडणं असतात. कुणाला शिक्षा होते आणि कशाला माफी मिळते, याकडे मी बघते. काही वर्षांपूर्वी एका मालिकेत नवरा बायकोला थोबाडीत मारतो आणि त्याच रात्री ती त्याला घास भरवते, असा सीन आला. मी म्हटलं, मारणं लिहिते, पण दुसऱ्या दिवशी त्या घरात काय होतं तेही लिहू द्या. निदान सासूनं तरी त्याला विचारलं पाहिजे. उत्तर आलं की बायका हे स्वीकारतात. मी तो सीन लिहिला नाही. पंधरा दिवसांनी सांगण्यात आलं की आता नवीन लेखक घेतोय. पुढचं काम मिळायला पाच महिने गेले, आणि त्या वर्षी मुलाच्या फीसाठी माझ्या बांगड्या ठेवाव्या लागल्या. तरी तो सीन आज आला तर आजही लिहिणार नाही.

मालिकेतलं माणूस अचानक "गावाला गेलं" असं का होतं?

बहुतेक वेळा तारखांमुळे. कलाकार आजारी असतो, नाटकाचे प्रयोग असतात, मानधनावरून बोलणी अडलेली असतात. लेखकाला सकाळी निरोप येतो की काका आज नाहीत. मग काकांची वाक्यं काकूला द्यायची, पण काकू काकांसारखी बोलत नाही, म्हणजे सीन नव्यानं लिहायचा.

सगळ्यात अवघड गेलं ते २०२० साल. मार्चमध्ये चित्रीकरण थांबलं. जूनच्या शेवटी सुरू झालं तेव्हा ६५ वर्षांवरच्या माणसांना सेटवर यायला मनाई होती. ऑगस्टमध्ये मुंबई उच्च न्यायालयानं ती अट रद्द केली. पण मधले ते दिवस विचार करा: कौटुंबिक मालिका आणि घरात आजी नाही. आमच्या मालिकेतल्या आजी सत्तरीच्या. मी त्यांना सांगलीला लेकीकडे अडकवलं आणि फोनवर आणलं. त्या आपल्या खऱ्या घरातून मोबाइलवर बोलायच्या, सेटवर तो आवाज लावायचे. त्या काळात कितीतरी खरी आजी-आजोबा असेच अडकले होते, त्यामुळे ते खोटं वाटलं नाही. एका सीनमध्ये नात विचारते, "आजी, कधी येणार?" आणि आजी म्हणते, "लोणच्याला तेल कमी पडलं असेल, बघ जरा." त्या बाईंनी हे वाक्य घेतल्यावर फोन ठेवला आणि दहा मिनिटांनी मला वेगळा फोन केला. दोघी बराच वेळ काही बोललो नाही.

तुमचं नाव कुठं दिसतं?

श्रेयनामावलीत. ती इतकी भरभर जाते की डोळे ठेवून बसावं लागतं. माझ्या सासूबाई नाव येईपर्यंत टीव्हीसमोर उभ्या राहायच्या, बसायच्या नाहीत. नाव दिसलं की मग खुर्ची ओढून मालिका बघायच्या.

पहिली दोन वर्षं मात्र माझं नाव कुठंच नव्हतं. मी एका मोठ्या लेखकाकडे मदतनीस म्हणून लिहायचे. पूर्ण एपिसोड माझे असायचे, वर नाव त्यांचं. शिकायला मिळालं, ते मी नाकारत नाही. पण एका समारंभात त्यांनी माझ्या समोर माझंच एक वाक्य "मला पहाटे सुचलं" म्हणून सांगितलं, तेव्हा मी उठून बाहेर गेले. ते वाक्य खरंच पहाटे सुचलं होतं, कोरेगावला आईच्या चुलीपाशी, मला. नवीन मुलामुलींना मी आवर्जून सांगते: मदतनीस म्हणून काम करा, पण सहा महिन्यांची मुदत ठरवा आणि "सहायक" म्हणून का होईना, नाव लेखी मागून घ्या.

पैसे किती मिळतात?

एपिसोडवर मिळतात, महिन्यावर नाही. दर प्रत्येकाचा वेगळा असतो आणि अनुभवानं वाढतो. संवादाचा, पटकथेचा, कथेचा दर स्वतंत्र ठरतो. दरापेक्षा पुढच्या गोष्टी जास्त महत्त्वाच्या आहेत, आणि त्या मला कुणी सांगितल्या नव्हत्या.

पैसे उशिरा येतात. मला बहुतेक ठिकाणी प्रसारणानंतर दोन-तीन महिन्यांनी आले आहेत. त्यातून १० टक्के टीडीएस, म्हणजे आगाऊ आयकर, कापला जातो. विवरणपत्र भरा म्हणजे तुमचा कर कमी असेल तर तो परत मिळतो. वर्षाची मिळकत २० लाखांच्या वर गेली तर जीएसटीची नोंदणी लागते. पीएफ नाही, पगारी रजा नाही. मालिका बंद होणार हे मला एकदा फक्त तीन आठवडे आधी कळलं होतं. म्हणून सहा महिन्यांचा घरखर्च बाजूला असल्याशिवाय नोकरी सोडू नका. मी शाळेतली नोकरी काम सुरू झाल्यावर तीन वर्षांनी सोडली.

लिहून दिलेला पण प्रसारित न झालेला एपिसोड, आणि तिसऱ्यांदा लिहायला लावलेला एपिसोड, यांचे पैसे मिळणार का, हे आधी विचारा. विचारायला लाज वाटते. मलाही वाटायची.

माझी कथा चोरतील का? आधी काय करू?

नुसत्या कल्पनेवर कायद्यानं हक्क मिळत नाही. "दोन जावांची गोष्ट" ही कुणाचीच नाही. ती तुम्ही ज्या प्रकारे लिहून काढलीत, त्या लिखाणावर हक्क मिळतो. तो लिहिल्याक्षणी तुमचा होतो आणि लेखकाच्या हयातीत व पुढं ६० वर्षं राहतो. वाद झाला तर तारखेचा पुरावा लागतो, म्हणून मुंबईच्या स्क्रीनरायटर्स असोसिएशनचं सभासदत्व घ्या आणि कुणाला दाखवण्याआधी तिथं नोंदणी करा, घरबसल्या ऑनलाइन होते. आपल्या मराठी लेखकांची मानाचि ही संघटनाही आहे. मालिका, नाटक, चित्रपट यांची आद्याक्षरं जोडून ते नाव झालं.

करारात तीन ठिकाणी बोट ठेवून वाचा: नाव कुठं आणि कोणत्या शब्दांत येणार, पैसे किती दिवसांत, आणि मध्येच काढलं तर काय. हक्क विकलेत तरी लेखक म्हणून नाव लावून घेण्याचा हक्क कायद्यानं तुमच्याकडे राहतो. कॉपीराइट कायद्यातल्या २०१२ च्या दुरुस्तीनंतर रॉयल्टीतला वाटा लेखकाला सोडून देता येत नाही, तशी सही घेतली तरीही. प्रत्यक्षात तो हातात पडायला मोठी लढाई आहे, पण कागदावर काय आहे ते तरी आपल्याला ठाऊक हवं. इंग्रजी कळत नसेल तर तालुक्याच्या वकिलाला हजार-पाचशे द्या, पण न वाचता सही करू नका.

कोणतं शिक्षण लागतं?

पदवी कुणी विचारत नाही. पुण्याच्या एफटीआयआय या चित्रपटसंस्थेत पटकथालेखन शिकवतात, जमलं तर जरूर जा. नाही जमलं तर एकांकिका करा. भावे नाट्यमंदिरात राज्य नाट्य स्पर्धेची नाटकं बघायला पहिल्या रांगेत नको, मधल्या रांगेत बसा. कोणत्या वाक्याला खोकला सुरू होतो आणि कोणत्या वाक्याला थांबतो, ते तिथून ऐकू येतं.

नायिकेचं काम करणारी प्रत्यक्षात कशी आहे?

कष्टाळू.

आमच्या आईला लिहायचं आहे. वय ५२, शिक्षण दहावी. उशीर झाला का?

हा प्रश्न मला गेल्या वर्षी मिरजेच्या एका मुलानं विचारला, आई मागं उभी होती आणि त्याला "चल रे" म्हणून ओढत होती.

उशीर झालेला नाही. रोज वीस-बावीस पानांचा वेग तिला जमेलच असं नाही, पण सहायक म्हणून, बोलीभाषेची जाणकार म्हणून, आठवड्यातून एखादा सीन लिहिणारी म्हणून जागा आहे, आणि पन्नास वर्षं घर ऐकलेली बाई लेखकांच्या टेबलाशी फार कमी वेळा येते. तिला कथा लिहायला सांगू नका, कथेत माणूस हरवतो. एकच सीन लिहू दे: स्वयंपाकघर, दोन माणसं, एकीला काहीतरी मागायचं आहे आणि ती ते मागत नाही. तीन पानं पुरे. वर तारीख घालायची.

त्या बाईंनी हळूच विचारलं होतं, "मला ऱ्हस्व-दीर्घ येत नाही, चालंल का?" चालेल. लिहायचाच संकोच वाटत असेल तर फोनवर बोलून पाठवा, मी उतरवून घेईन.